राक्षसांचा तास

घरात एखादा खोका नक्की सापडेल. खडूंचा, चपलांचा, औषधांचा, कुठलाही चालेल. त्याचं झाकण नीट लावा आणि बोटानं मोजायला लागा. आधी कोपरे: वर चार, खाली चार, झाले आठ. मग कडा, म्हणजे दोन बाजू जिथे एकमेकींना भेटतात त्या रेघा: वरच्या चार, खालच्या चार, उभ्या चार, झाल्या बारा. शेवटी सपाट पृष्ठं. ती सहा. (पाठ्यपुस्तकात कोपऱ्याला शिरोबिंदू म्हणतात. परीक्षेत तेच लिहा, इथे आपण कोपराच म्हणू.)

आता कोपऱ्यांतून कडा वजा करायच्या आणि पृष्ठं मिळवायची. ८ − १२ + ६. उत्तर २.

यात काय मोठंसं, असं वाटेल. मग दुसरी वस्तू घ्या. टोक न काढलेली नवी कोरी षटकोनी पेन्सिल: कोपरे १२, कडा १८, पृष्ठं ८. पुन्हा २. इजिप्तमधला चौकोनी बुडाचा पिरॅमिड: ५ − ८ + ५. पुन्हा २. चारही पृष्ठं त्रिकोणी असलेला छोटा पिरॅमिड: ४ − ६ + ४. घ्या, इथेही २!

जरा अवघड काहीतरी घेऊ. काळे-पांढरे तुकडे शिवून केलेला फुटबॉल. त्यात काळे पंचकोन १२ आणि पांढरे षटकोन २०, म्हणजे पृष्ठं ३२. कडा एकेक करून मोजायला गेलात तर चेंडू हातात फिरतो आणि सुरुवात कुठून केली तेच आठवेनासं होतं. म्हणून युक्ती करायची. शिवण्याआधी सगळे तुकडे टेबलावर सुटे पसरलेत असं समजा. १२ पंचकोनांच्या ६० बाजू आणि २० षटकोनांच्या १२० बाजू, एकूण १८०. शिवताना दोन बाजू मिळून एक शिवण होते, म्हणून कडा ९०. सुट्या तुकड्यांचे कोपरेही १८०च; पण शिवल्यावर प्रत्येक कोपऱ्यावर तीन तुकडे येऊन मिळतात, म्हणून कोपरे ६०. करा हिशेब: ६० − ९० + ३२. चेंडूला हात न लावता मोजणी झाली, आणि उत्तर तेच, २.

आता एक बटाटा घ्या. घरातल्या मोठ्या माणसाला सोबत बसवून सुरीनं त्याचा चौकोनी ठोकळा करा. ठोकळ्याचे आकडे आपल्याला माहीत आहेत: ८, १२, ६. आता त्याचा एक कोपरा छाटून टाका. काय झालं बघा. एक कोपरा गेला, पण छाटलेल्या जागी तीन नवे कोपरे आले. म्हणजे कोपरे दोनानं वाढले. तिथे एक छोटं त्रिकोणी पृष्ठ तयार झालं. पृष्ठ एकानं वाढलं. त्या त्रिकोणाच्या तीन नव्या कडा आल्या. दोन आणि एक मिळून तीन वाढले, आणि कडा तीनच वाढल्या. हिशेब फिटला! १० − १५ + ७ बरोबर २. आठही कोपरे छाटा, मात्र एक काप दुसऱ्याला लागू देऊ नका: २४ − ३६ + १४. तरीही २.

पण बटाट्यानं आपल्याला एवढंच दाखवलं की कोपरा छाटला तर उत्तर हलत नाही. जगातल्या झाडून सगळ्या घनाकृतींचं उत्तर २ येईल, हे त्यानं कुठे सांगितलं?

हा प्रश्न लेओनार्ड ऑयलर नावाच्या गणितज्ञाला पडला. ऑयलर मूळचा स्वित्झर्लंडमधल्या बाझेल गावचा. १७५० साली तो बर्लिनमध्ये होता, आणि तिथून त्यानं आपल्या गोल्डबाख नावाच्या मित्राला पत्र लिहून हा नियम कळवला. मला यात फार नवल वाटतं ते असं, की ग्रीक लोक घनाकृतींच्या मागे वेडे झाले होते. युक्लिडनं त्यांच्यावर एक अख्खा भाग लिहिला, आर्किमिडीजनं नवनव्या आकृती शोधल्या. त्यानंतरची जवळजवळ दोन हजार वर्षं हुशार माणसं या आकृती हाताळत राहिली. पण कडा मोजाव्यात, त्यांना स्वतंत्र नाव द्यावं, हे ऑयलरनं केलं. समोर पडलेली गोष्ट मोजायचं सुचणं हीसुद्धा किती मोठी गोष्ट असते!

ऑयलरच्या आधी शंभरेक वर्षं एक जण या नियमाच्या अगदी उंबरठ्यापर्यंत पोचला होता. तो म्हणजे फ्रान्सचा रने देकार्त. त्याचा मृत्यू स्वीडनमध्ये झाला. त्याची कागदपत्रं पॅरिसला आणताना होडी सेन नदीत बुडाली, पेटी पाण्यात गेली आणि मग कागद बाहेर काढून वाळवावे लागले. त्यातल्या घनाकृतींवरच्या टिपणांची लायब्निझ या गणितज्ञानं १६७६ साली नक्कल करून ठेवली होती. मूळ कागद पुढे हरवले आणि ही नक्कल एकोणिसाव्या शतकात सापडली. तोवर नियमाला ऑयलरचं नाव लागून शतक उलटलं होतं.

नियम सापडला, पण तो खरा कशावरून? १८११ साली फ्रान्समधल्या ऑग्युस्तँ लुई कोशी या विशीतल्या तरुणानं त्याची एक सुंदर सिद्धता दिली. ती आपण कागद-पेन्सिल घेऊन करून बघू, कारण पुढची सगळी गंमत तिच्यावरच उभी आहे.

पहिली पायरी. आपला खोका पातळ रबराचा आहे आणि आतून पोकळ आहे असं समजा. त्याचं एक पृष्ठ कापून टाका आणि जे भोक पडलं त्याच्या कडा धरून रबर चहूबाजूंनी ताणत टेबलावर सपाट पसरा. कागदावर काय दिसेल? एक मोठा चौकोन, त्याच्या आत एक छोटा चौकोन, आणि दोघांचे कोपरे जोडणाऱ्या चार रेघा. कोपरे आठच आहेत, कडा बाराच आहेत, पण पृष्ठं पाच राहिली. ८ − १२ + ५ = १. एक पृष्ठ आपणच काढलंय, म्हणून दोनाऐवजी एक. आता हा १ कायम येतो हे दाखवलं की काम झालं.

दुसरी पायरी. प्रत्येक चौकोनात एक कर्ण ओढा. कर्ण ओढला की एक कड वाढते आणि एका तुकड्याचे दोन होतात, म्हणजे एक पृष्ठही वाढतं. एक वजा, एक अधिक, उत्तर तसंच. पाच कर्ण ओढल्यावर ८ − १७ + १० = १. आता कागदावर नुसते त्रिकोण आहेत.

तिसरी पायरी. बाहेरच्या बाजूनं एकेक त्रिकोण खोडत जा. काही त्रिकोणांची एकच कड बाहेर असते. तो खोडला की एक कड आणि एक पृष्ठ जातं. काहींच्या दोन कडा बाहेर असतात. तो खोडला की दोन कडा, एक पृष्ठ आणि एक कोपरा जातो. दोन्ही वेळा उत्तर हलत नाही. खोडता खोडता शेवटी एकच त्रिकोण उरतो. त्याचा हिशेब ३ − ३ + १ = १. कापलेलं पृष्ठ परत मिळवा, झाले २!

पटलं ना? टाळ्या वाजवाव्यात अशी सिद्धता आहे. आपल्या पुस्तकांत धडा इथे संपतो. खाली चौकट, चौकटीत सूत्र, मग स्वाध्याय.

मला तुम्हाला ज्या पुस्तकाबद्दल सांगायचंय, ते पुस्तक इथे सुरू होतं.

त्याचं नाव 'प्रूफ्स अँड रेफ्युटेशन्स', म्हणजे सिद्धता आणि खंडनं. लिहिणारा इम्रे लाकातोश. हंगेरीतल्या डेब्रेत्सेन गावी १९२२ साली त्याचा जन्म झाला. दुसऱ्या महायुद्धात त्याच्या आईला आणि आजीला नाझींनी आउशवित्झच्या छळछावणीत मारलं. युद्धानंतर त्याच्याच देशातल्या सरकारनं त्याला काही वर्षं कैदेत ठेवलं. सुटल्यावर पोटापाण्यासाठी तो गणिताची पुस्तकं हंगेरियन भाषेत आणायचं काम करत होता. त्यातलं एक पुस्तक होतं जॉर्ज पोल्या यांचं, गणितं सोडवावीत कशी हे शिकवणारं 'हाऊ टू सॉल्व्ह इट'. १९५६ साली हंगेरीतला उठाव रणगाड्यांखाली चिरडला गेला तेव्हा लाकातोश देश सोडून निसटला आणि इंग्लंडला पोचला. केंब्रिजमध्ये त्यानं संशोधन सुरू केलं. विषय कुठला घ्यावा? पोल्यांनीच सुचवलं: ऑयलरच्या त्या दोनाची गोष्ट घे.

लाकातोशनं ती गोष्ट लिहिली एका वर्गाच्या रूपात. वर्ग काल्पनिक आहे. एक शिक्षक आहेत आणि मुलांची नावं ग्रीक अक्षरांवरून ठेवलीत: आल्फा, बीटा, गॅमा, डेल्टा वगैरे. शिक्षक फळ्यावर कोशीची सिद्धता करून दाखवतात आणि मुलं लगेच तुटून पडतात. पहिली पायरी सगळ्या वस्तूंना चालेलच कशावरून? तिसऱ्या पायरीत मी बाहेरचा त्रिकोण न खोडता मधलाच खोडला तर? (करून बघा. मधला खोडला तर पृष्ठ एक जातं, पण कड एकही जात नाही. हिशेब बिघडतो.) शिक्षक रागावत नाहीत. प्रश्न बरोबर आहे म्हणतात आणि पायरी सुधारतात. असा वर्ग मला फार आवडतो.

मग आल्फा एक वस्तू पुढे करतो. एक ठोकळा, आणि त्याच्या पोटात बंद असलेली दुसऱ्या ठोकळ्याएवढी पोकळी. बाहेरचे कोपरे ८, आतले ८. कडा बारा आणि बारा. पृष्ठं सहा आणि सहा. १६ − २४ + १२ = ४.

दोन नाही, चार!

ही वस्तू लाकातोशच्या मनची नाही. खरोखर घडलेली गोष्ट आहे. कोशीच्याच काळात स्वित्झर्लंडमधल्या सिमों लुइलिए या गणितज्ञानं मित्राच्या खनिजसंग्रहात असे स्फटिक पाहिले, की एका पारदर्शक स्फटिकाच्या आत दुसऱ्या रंगाचा स्फटिक बसलेला. बाहेरच्या स्फटिकाला आतून पोकळी आहे, म्हणजे त्याला आतूनही कोपरे आहेत, हे त्याच्या ध्यानात आलं. जर्मनीत योहान हेसेल यालाही १८३२ साली असाच स्फटिक बघून हीच शंका आली. पुस्तकभर असंच आहे: वर मुलं भांडतात, आणि पानाच्या तळाशी टिपांमध्ये लाकातोश सांगतो की हेच भांडण खऱ्या गणितज्ञांनी कधी आणि कसं केलं होतं.

वर्गात एकच गोंधळ. डेल्टा उठून म्हणतो, की ही घनाकृतीच नव्हे, हा राक्षस आहे! याला वर्गाबाहेर काढा. घनाकृती म्हणजे एकसंध पृष्ठभाग असलेली वस्तू. इथे तर आतला एक आणि बाहेरचा एक असे दोन आहेत.

बरं, राहिलं. आल्फा दुसरी वस्तू आणतो. दोन त्रिकोणी पिरॅमिड, फक्त टोकाला टोक चिकटवलेले. कोपरे ७ (एक सामाईक), कडा १२, पृष्ठं ८. उत्तर ३. हे तुम्हाला घरी करता येईल. अरविंद गुप्ता यांनी लोकप्रिय केलेली खेळणी शाळेत केली असतील तर सायकलच्या व्हॉल्व्ह ट्यूबचे तुकडे आणि गूल काढलेल्या आगकाड्या यांनी सांगाडा पटकन जमतो. नाहीतर भिजवलेले वाटाणे आणि टूथपिक. डेल्टा यालाही राक्षस ठरवतो आणि व्याख्येत आणखी एक अट घालतो. प्रत्येक नव्या राक्षसाला एक नवी अट. दार लहान लहान होत जातं.

इथे थोडं थांबून सांगा, डेल्टाचं चुकतंय का? मला वाटतं पूर्ण चुकत नाही. व्याख्या अशाच तर घडतात. भांडण झालं नसतं तर घनाकृती म्हणजे नेमकं काय, हे कुणी विचारलंच नसतं. खोका दिसला की सगळ्यांना कळतंच होतं. पण डेल्टाच्या पद्धतीत एक खोट आहे. राक्षस बाहेर गेला की त्याच्याकडून शिकायचं ते राहूनच जातं.

मग शिक्षक वेगळा रस्ता दाखवतात, आणि या पुस्तकाचा जीव तिथे आहे. नियम टाकून द्यायचा नाही आणि राक्षसालाही हाकलायचं नाही. राक्षसाला सिद्धतेच्या जिन्यावर चढवायचं आणि तो कुठल्या पायरीवर अडखळतो ते बघायचं.

पोकळीवाला ठोकळा चढवू. रबराचा आहे असं समजा, बाहेरचं एक पृष्ठ कापा, ताणून पसरा. बाहेरचा ठोकळा पसरला, पण आतला? तो तसाच फुगलेला राहिला! पहिल्याच पायरीवर अडला. म्हणजे पहिल्या पायरीत एक अट लपून बसली होती: एक पृष्ठ काढल्यावर उरलेलं सगळं सपाट पसरता आलं पाहिजे. कोशीला ती अट इतकी उघड वाटली की त्यानं बोलूनही दाखवली नाही. राक्षसानं ती बाहेर ओढून काढली.

आता माझी आवडती वस्तू. एका मोठ्या ठोकळ्याच्या डोक्यावर मधोमध एक छोटा ठोकळा चिकटवा. बटाट्याचे दोन ठोकळे आणि एक टूथपिक पुरे. मोठ्याचे कोपरे ८, छोट्याचे ८. कडा १२ आणि १२. मोठ्याची पृष्ठं ६, छोट्याची ५, कारण त्याचं बूड चिकटलंय. १६ − २४ + ११ = ३. इथे पोकळी नाही, टोकाला टोक नाही, अगदी साधी वस्तू आहे. तरी उत्तर ३!

जिन्यावर चढवा. पहिली पायरी: खालचं पृष्ठ कापा आणि पसरा. पसरतंय की! मग अडतंय कुठे? मोठ्या ठोकळ्याच्या वरच्या पृष्ठाकडे बघा. छोटा ठोकळा मधे बसल्यामुळे ते पृष्ठ चौकटीसारखं झालंय, मधे रिकामं आणि भोवती पट्टी. त्यात बाहेरच्या कोपऱ्यापासून आतल्या कोपऱ्यापर्यंत एक रेघ ओढा. कड एक वाढली. पृष्ठाचे दोन तुकडे झाले का? नाही झाले. पट्टीवरून उलट्या बाजूनं फिरून रेघेच्या पलीकडे जाता येतंच. म्हणजे दुसरी पायरी मोडली. कर्ण ओढला की एक पृष्ठ वाढतं, हे मधे भोक नसलेल्या पृष्ठालाच लागू पडतं. आणि गंमत बघा, ती एक रेघ ओढल्यावर मोजा: १६ − २५ + ११. दोन परत आले! पट्टी एकदा चिरली की ती साध्या तुकड्यासारखी वागते.

ही गोष्ट हातात आली की पुढचा राक्षस ओळखता येतो, आणि तो फार लबाड आहे. भिंतीवरची फोटोफ्रेम. काच नको, फोटो नको, नुसती लाकडी चौकट, समोरून मागून सपाट. मोजा: पुढे बाहेरचे ४ कोपरे, आतले ४, मागेही तसेच, एकूण १६. कडा: पुढच्या ८, मागच्या ८, पुढून मागे जाणाऱ्या ८, एकूण २४. पृष्ठं: पुढची पट्टी, मागची पट्टी, बाहेरून ४, आतून ४, एकूण १०. १६ − २४ + १० = २.

आलं की! मग ही वस्तू सज्जन?

नाही. पुढची आणि मागची पट्टी भोकवाली आहे, आणि भोकवाल्या पृष्ठावर विश्वास ठेवायचा नाही हे आपण आत्ताच शिकलो. सुताराच्या हातची फ्रेम नीट बघा. कोपऱ्याकोपऱ्यात तिरपा सांधा असतो, जिथे दोन पट्ट्या जुळवलेल्या असतात. त्या सांध्यांच्या रेघाही कडा म्हणून धरा. पुढे ४, मागे ४. आता कडा ३२. पुढची पट्टी चार तुकड्यांची झाली, मागचीही, म्हणून पृष्ठं १६. कोपरे तेच. १६ − ३२ + १६ = ०. शून्य! सगळ्या सांध्यांऐवजी पुढे एक आणि मागे एक अशा दोनच रेघा ओढल्या तरी १६ − २६ + १०, शून्यच. खरं उत्तर हे आहे. आधी आलेले २ चुकून आले होते: एका गडबडीनं दुसरी गडबड झाकली होती. बरोबर उत्तर चुकीच्या रस्त्यानंही येऊ शकतं, हे इतक्या स्वच्छपणे दाखवणारं दुसरं उदाहरण मला माहीत नाही.

फ्रेम जिन्यावर चढवलीत तर ती पहिल्या पायरीवरच अडेल. तिचं कुठलंही एक पृष्ठ कापा आणि हवं तेवढं ताणा, ती टेबलावर सपाट पसरणार नाही. आरपार भोक आडवं येतं.

मग दोन भोकं असली तर? शेजारी शेजारी दोन खिडक्या असलेली चौकट घ्या, सगळे सांधे मोजा: उत्तर −२. तीन खिडक्या: −४. बघा, भोकागणिक उत्तर दोनानं उतरतंय! आता कोपरे मोजायचीसुद्धा गरज नाही. भोकं मोजा, त्यांची दुप्पट करा, ती दोनातून वजा करा. लुइलिएनं हे १८१३ सालीच लिहून ठेवलं होतं. ज्या दोनाला आपण सगळ्या वस्तूंचा नियम समजत होतो, तो भोक नसलेल्या वस्तूंची खूण निघाला. ज्यांना राक्षस म्हणून हाकलत होतो, त्यांनीच हा मोठा नियम दिला. पुढे यातून गणिताची एक नवी शाखाच उभी राहिली. ताणलं, वाकवलं तरी वस्तूचं जे बदलत नाही त्याचा ती अभ्यास करते. तिला संस्थिती म्हणतात, बहुतेक लोक टोपॉलॉजी म्हणतात.

लाकातोश लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकवायचा. हा वर्ग त्यानं १९६३-६४ मध्ये एका नियतकालिकात चार भागांत छापला होता. त्याचं पुस्तक मात्र त्याला बघायला मिळालं नाही. १९७४ साली, अवघ्या ५१ व्या वर्षी, तो गेला आणि १९७६ मध्ये जॉन वॉरल आणि एली झहार यांनी पुस्तक प्रसिद्ध केलं. त्याची तक्रार एकच होती आणि ती मला पुरेपूर पटते. गणिताच्या पुस्तकांत व्याख्या आधी येते, मग नियम, मग सिद्धता, जणू कुणाला कधी शंकाच आली नाही. खरं घडतं ते उलटं. आधी अंदाज, मग कच्ची सिद्धता, मग कुणीतरी राक्षस घेऊन येतं, मग भांडण, आणि व्याख्या सगळ्यात शेवटी तयार होते. छापताना भांडण पुसून टाकतात आणि मुलांना वाटतं, गणित आभाळातून असंच तयार पडलं असणार. आपल्या प्रत्येक इयत्तेच्या पुस्तकात निदान एक धडा अशा भांडणाचा असायलाच हवा.

पुस्तक इंग्रजीत आहे आणि शेवटाकडे चांगलंच अवघड होतं. कॉलेजात गेल्यावर वाचा. पण त्यातला एक राक्षस तुमच्या हवाली करतो, कारण तो मराठी घरात सहज ओळखीचा वाटेल: काटेरी चांदणीच्या आकाशकंदिलासारखा दिसतो. योहानेस केप्लर, ग्रहांचे नियम सांगणारा तोच, त्यानं १६१९ साली छापलेल्या पुस्तकात तो आहे. बारा पंचकोनी पृष्ठांचा एक चेंडू घ्यायचा आणि प्रत्येक पृष्ठावर पाच त्रिकोणांची एक टोकदार टोपी चढवायची. कार्डशीटचा करा, दोन दुपारी लागतील.

झाला की मोजा. बारा टोप्यांचे त्रिकोण ६०. कोपरे: बाहेरची टोकं १२ आणि टोप्यांच्या बुडाशी २०, मिळून ३२. कडा: टोप्यांवरच्या ६० आणि बुडाच्या ३०, मिळून ९०. ३२ − ९० + ६० = २. सज्जन वस्तू.

पण केप्लरनं ती तशी बघितलीच नव्हती. वस्तू जरा फिरवा. वेगवेगळ्या टोप्यांवरचे पाच त्रिकोण एकाच सपाटीत आहेत आणि मिळून एक पाचकोनी चांदणी होते, असं दिसेल. अशा बारा चांदण्या एकमेकींना भेदून जातात. चांदणी हेच पृष्ठ धरलं तर पृष्ठं १२. चांदण्यांच्या लांब रेघा ३०. कोपरे फक्त बाहेरची टोकं, १२. आता १२ − ३० + १२ = −६.

वस्तू तीच, कागदही तोच, आणि एकदा २, एकदा −६. त्यातही −६ म्हणजे आपल्या नियमानं चार भोकं! कार्डशीटच्या चेंडूत तर एकही दिसत नाही. तरीही गणितज्ञ सांगतात, की बारा लवचीक पंचकोन घेऊन, कुठली चांदणी कुठल्या चांदणीला कुठल्या रेघेवर भेटते ते बघून, ते त्याच क्रमानं एकमेकांना शिवत गेलं, तर खरोखर चार भोकांची वस्तू तयार होते. तेव्हा कंदील करताना बाराही चांदण्यांना वेगवेगळे रंग द्या आणि कुठल्या रंगाला कुठला रंग भेटतो त्याचा तक्ता करा. प्रत्येक रंगाला पाच शेजारी मिळायला हवेत.